परतीचं ऊन आणि आमच्या कुरडया

सोलापूरच्या उन्हाबद्दल बाहेरचे लोक जे काही बोलतात ते सगळं खरं आहे. परतीच्या उन्हाची मात्र त्यांना खबर नसते. चैत्रात, टळटळीत दुपारी, मधेच कधीतरी वारा पडतो, ऊन तांबूस दिसायला लागतं आणि लांबत चाललेल्या सावल्या आखडायला लागतात. पंधरा-वीस मिनिटांचा खेळ. तेवढ्यात उन्हातल्या वस्तू मागे जातात. वाळलेले टॉवेल ओले होतात. ऊन जितका वेळ टिकेल तितकं जास्त मागे. एका वर्षी शेजारणीच्या खडखडीत कुरडया आधी ओल्या झाल्या, मग त्यांचा चीक झाला, आणि ती जिना चढून येईपर्यंत कापडावर नुसते गहू. वस्तू मग तशाच राहतात. कामात असलेल्या माणसाला हे ऊन बाधत नाही. रिकाम्या बसलेल्या म्हाताऱ्यांना बाधतं. अंग जागेवरच असतं, मन तेवढं मागे जाऊन येतं.

माझी आई गेली चार वर्षं मला ओळखत नाही. तिला न्हाऊ घालणारी मी, गोळ्या देणारी मी, कडक भाकरी आमटीत कुस्करून भरवणारी मी. लग्न केलं नाही, शाळेतली नोकरी केली आणि आईजवळ राहिले. ती मला ‘बाई’ म्हणते. “बाई, तुमी जेवलाव का?” कामाला ठेवलेल्या बाईशी बोलावं तसं, अगदी अदबीनं.

आणि ताई! माझ्याहून सहा वर्षांनी मोठी. मोहोळला दिलेली, तास-दीड तासाच्या अंतरावर, पण येते वर्षातून एकदा, चैत्रात, कुरडया करायला. ती आली की दोन-तीन दिवसांत परतीचं ऊन पडणार म्हणजे पडणार. आई गच्चीवर पत्र्याच्या सावलीच्या कडेला खुर्चीत बसलेली असते. ऊन पायावरून वर चढतं, आणि आई एकदम म्हणते, “आगं, कवा आलीस? सासूचं गुडगं कसं हाय?” ताईची सासू जाऊन बारा वर्षं झाली. तरी ताई “बरं हाय की” म्हणते, आईच्या गळ्यात पडते आणि मोबाईल काढून व्हिडिओ घेते. तो नातेवाइकांच्या ग्रुपवर जातो. खाली सगळ्यांचे हात जोडलेले: लेक असावी तर अशी.

माझ्या पोटात दुखायचं. उगाच कशाला खोटं बोलू? वर्षभर मरमर मी करायची आणि आयत्या बिळावर नागोबा ही. पिकतं तिथं विकत नाही म्हणतात ते आमच्याच घरावरून म्हणत असावेत. एकदा तर त्या व्हिडिओत कडेला मी दिसले, वाकलेली, पाठमोरी. कुणीतरी विचारलं होतं, मागे कोण आहे?

मागे मी होते, कुरडया उचलत. ते ऊन पडलं की पहिल्या दोन मिनिटांत कुरडया उचलून सावलीत न्याव्या लागतात, नाहीतर तीन दिवस भिजवलेल्या गव्हाची, शिजवलेल्या चिकाची, सोऱ्या दाबून दुखलेल्या मनगटांची सगळी मेहनत पाण्यात. ताई पाहुणी. पाहुणीनं कशाला उठावं? पहिल्या मिनिटांतली आई, थोडीशीच मागे गेलेली, आम्हाला ओळखणारी, ती दरवेळी ताईला मिळायची. मी पदराला हात पुसत जाईपर्यंत ऊन सरलेलं असायचं.

यंदा मी ठरवलं. कुरडया गेल्या खड्ड्यात. सावल्या आखडताना दिसल्या तशी मी ताईला म्हटलं, “ताई, खाली जाऊन चहा टाक की. आईला तुझ्याच हातचा आवडतोय.” ती खूश होऊन गेली.

मी आईकडे वळले. वाटेत कापड होतं. पहिली कुरडई ओली होताना दिसली आणि हात आपोआप खाली गेले. एवढीच एक ओळ उचलते म्हटलं. मग दुसरी. चाळीस वर्षांची सवय. भानावर आले तेव्हा निम्मं कापड मोकळं झालं होतं आणि ऊन आईच्या गळ्यापर्यंत चढलं होतं.

मी धावत जाऊन तिच्यासमोर बसले. “आई!”

तिनं माझ्या पांढऱ्या केसांकडे पाहिलं. आवाज कोवळा झाला होता. “काय वो मावशी, कुणीकडच्या तुमी? आमची पोरगी बगितली का? सहा वर्साची हाय. कठड्याकडं जाईल वो.”

फार मागे गेली होती. मी नव्हतेच अजून. चार कुरडयांपायी मी माझीच आई घालवली. मला रडू फुटलं.

“रडताय कशाला मावशी? बसा,” ती म्हणाली. माझा हात धरून तिनं आपल्या पोटावर ठेवला. “बगा, लई लाता मारतीया. हीबी पोरगीच हाय, मला कळतंय.”

“वाईट वाटतंय का?” मी विचारलं.

“वाईट कशाला? थोरलीला समदं गाव लागतंय. ती जाईल तिच्या घरला. ही न्हाय जायाची. ही माज्यापाशीच ऱ्हाणार की.”

मी हात काढला नाही. सुती लुगड्याखाली सुरकुतलेलं पोट होतं, बाकी काही नव्हतं. वारा सुटला, सावल्या लांबल्या. आईनं माझ्या हाताकडे पाहिलं. “बाई, हात काढा की. उकडतंय.”

ताई कप घेऊन वर आली. कापडावर चिकाचं थारोळं आणि माझे लाल डोळे बघून थबकली. “ऊन पडलं व्हय? बोलली का काय तुझ्याशी?”

“न्हाय,” मी म्हटलं. “ती तुझ्याशीच बोलते.”

ताईला बरं वाटलं, तिच्या तोंडावर दिसलंच. वाटू दे.