मागच्या सीटवरचे गृहस्थ

मी गुडगावात नवीन होतो तेव्हाची गोष्ट. सेक्टरच्या मार्केटमधल्या कम्प्युटरच्या दुकानात एक गृहस्थ घरचा कम्प्युटर काउंटरवर मांडून बसले होते. मुलगा परदेशी जाताना ठेवून गेलेला व्हिडिओ गेमचा कंट्रोलर त्यांना या कम्प्युटरला जोडायचा होता. चष्मा कपाळावर, नाक स्क्रीनला टेकलेलं. "भाईसाहब, ज़रा पकड़िए," म्हणत त्यांनी कंट्रोलर माझ्या हातात दिला. कोणत्या बटणाने काय व्हावं हे आधी ठरवायचं होतं; स्क्रीनवर जे बटण मागितलं जाईल ते त्यांनी वाचायचं आणि मी दाबायचं.

"दायाँ," ते म्हणाले. माझ्या मराठी कानाला ऐकू आलं 'डावा', आणि मी डावं दाबलं. मग 'बायाँ'ला उरलेलं उजवं. गेम सुरू केला, तर पहिल्याच वळणावर गाडी उलट दिशेला जाऊन भिंतीवर आदळली.

मराठीत 'डावा' म्हणजे 'बायाँ', असा मी ओशाळून खुलासा केला. ते रागावले नाहीत. "डावा, डावा," असं तोंडात घोळवत त्यांनी सगळं पहिल्यापासून केलं. या वेळी वेगाचं आणि ब्रेकचं बटणही डाव्या बाजूला घेतलं. मग स्वतःचा उजवा हात पाठीमागे धरून एकट्या डाव्याने गाडी चालवून पाहिली.

"लकवे के बाद मिसेज़ का दायाँ हाथ उठता नहीं," ते हळूच म्हणाले. "स्कूटर हमेशा वही चलाती थी जी, मैं तो पीछे बैठता था."

वायर गुंडाळताना ते माझ्याकडे बघून हसले. "आपने ठीक ही दबाया था. हमारे घर में भी अब दायाँ मतलब डावा."