वाटीत फिरणारं बोट

वाटीच्या आतून बोट फिरवायचं, अंगठ्यावर चोळायचं आणि म्हणायचं, "चिकट लागलं की पाणी मेलं." परतुरात आमच्या शेजारी राहणाऱ्या काकांची सकाळ अशी सुरू व्हायची. कापसाच्या जिनिंगमध्ये आयुष्य काढून ते घरी बसले होते. ओट्यावर पिंजरा, पिंजऱ्यात चार लव्हबर्ड आणि त्यांच्या दोन वाट्या, एक दाण्याची, एक पाण्याची.

पिंजऱ्याच्या तळाला जुना पेपर असे. तो काढून, चष्मा कपाळावर सरकवून काका त्यावरची घाण बारकाईनं बघायचे. तुमच्याही गल्लीत असं एखादं माणूस असेल.

"काय बातमी आज?" मी फाटकातून विचारी.

"पोटं साफ हायेत सगळ्यांची, सिस्टर. बाकी पेपरात काई न्हाई."

मी आरोग्यसेविका. रांजण घासा, जुन्या पाण्यात नवं ओतू नका, हे गावोगाव सांगत फिरते. तरी आठ-आठ दिवस नळ न येणाऱ्या गल्लीत काकांनी वाटीभर पाणी फेकलेलं माझ्या डोळ्यांत खुपायचं.

"चांगलं पाणी सांडता, काका."

"सांडून न्हाई राह्यलो, जास्वंदीला घालून राह्यलो. वरतून भर घालायची न्हाई, बस."

एका मे महिन्यात केदारखेड्याला दिलेली त्यांची मुलगी आजारी पडली. काकांना चार दिवस जायचं होतं. पिंजरा माझ्याकडे आला.

"वाटी रोज घासायची, कागद रोज बदलायचा, सावलीला ठेवायचं. जमंल ना?"

"काका, मी आख्खं उपकेंद्र सांभाळते."

"मंग आता दोन वाट्या सांभाळा."

पहिल्या दिवशी मी वाटी घासली. नंतर लसीकरण, नंतर रिपोर्ट. पाणी कमी दिसलं की तांब्या वरून कलता करायचा, झालं. कागद तोच राहिला. चौथ्या सकाळी हिरवी मादी पिसं फुगवून कोपऱ्यात बसली होती. ऊन असेल, असं म्हणून मी कामाला गेले.

संध्याकाळी काका आले. खांद्यावरची पिशवीही न उतरवता त्यांनी वाटीत बोट घातलं.

"पाणी बदललं व्हतं ना, सिस्टर?"

"रोज."

त्यांनी बोट अंगठ्यावर चोळलं. थोडा वेळ त्याकडे बघितलं. मग पायजम्याला पुसत म्हणाले, "बराबर."

दोन दिवसांनी हिरवी मेली. समोरच्या काकूंनी चौकशी केली, तेव्हा मी तिथंच उभी होते.

"गर्मी लई व्हती," काका म्हणाले. "सिस्टरनं काईच कमी केलं न्हाई."

काकूंनी माझ्याकडे कौतुकानं पाहिलं. खरं सांगणं एका वाक्याचं काम होतं. कपडे वाळत घालायचेत, असं सांगून मी आत गेले.

त्यानंतर काका केदारखेड्याला जाताना पिंजरा सोबत न्यायचे. त्यावर ओला पंचा टाकलेला. माझ्या फाटकाशी थांबून "येतो, सिस्टर," म्हणायचे. आवाजात राग नसायचा. या हातातून त्या हातात पिंजरा घेत ते स्टँडकडे चालत जायचे. 'राहू द्या इथं,' असं मी एकदाही म्हणू शकले नाही.

मागच्या वर्षी काका गेले. पिंजरा न्यायला मुलगी आली, तेव्हा समोरच्या काकूच तिला म्हणाल्या, "सिस्टरला विचार. त्यांनी एकदा सांभाळलेत."

मुलीनं वाटी माझ्यापुढं धरली. मी तिला सगळं सांगितलं, काकांच्याच शब्दांत: वाटी रोज घासायची, कागद रोज बदलायचा, वरतून भर घालायची नाही. हिरवीचं तेवढं सांगितलं नाही. बोलताना माझं बोट वाटीत फिरत होतं. वाटी स्वच्छ होती.