दोन बोटं कमी

माझ्या शिवणीचं कोणी कौतुक केलं की मी मान खाली घालतो. लोकांना वाटतं, विनय. विनय कसला, त्यामागे एक फजिती आहे. तुम्ही घरचेच म्हणून सांगतो. मामाला मात्र विचारू नका, तो तिखटमीठ लावील.

चौथीत शाळा सुटली आणि मी रत्नागिरीत, रामआळीतल्या मामाच्या शिलाईच्या दुकानात बसलो. काय दिवस होते ते. पायमशीनची खडखड, आणि कोपऱ्यात मामीच्या जुन्या लुगड्याचा पडदा. बायकांचं माप पुरुषानं घ्यायचं नाही. बाईनं पडद्याआड जाऊन सुतळीनं आपलं आपण मोजायचं. छातीच्या सुतळीला दोन गाठी, बाहीच्या सुतळीला तीन. मला ही रीत फार आवडे. कोणाकडे बघावं लागत नसे.

मामाला मोतीबिंदू झाला नि कापणं माझ्याकडे आलं. तेव्हा मी एकोणीस वर्षांचा. त्याच आठवड्यात मुलींच्या शाळेतल्या बाई पोलक्याचं कापड घेऊन आल्या.

"दत्तू, नीट ऐक. माझी छाती भरलेली आहे, आणि कापड कमी घेतल्यानं ती कमी होत नाही. हात वर केला की काखेत आवळतं, म्हणून इतकी वर्षं मी फळ्याच्या खालच्या अर्ध्यातच लिहिते. पुढल्या आठवड्यात तपासणीला साहेब येतायत. या खेपेला मला सरळ उभं राहून वरपर्यंत लिहायचंय. कळलं?"

मी कात्रीकडे बघून "हो" म्हटलं.

पडद्याआडून सुतळी आली. टेपावर धरली आणि माझे कान तापले. एवढं माप वहीत लिहायचं कसं? बाईंचा मान राखायला नको? मी दोन बोटं कमी केली. खरं सांगतो, मला ते पुण्यकर्म वाटलं.

तपासणीच्या दुसऱ्या दिवशी बाईंनी पोलकं टेबलावर ठेवलं. काख उसवलेली.

"हिंदुस्थानचा नकाशा काढत होते. कन्याकुमारी झाली, विंध्य झाला. हिमालयाला हात वर केला आणि टर्र. पदर सावरून तिथंच थांबले. साहेब विचारतात, हिमालय कुठाय? म्हटलं, मुली काढतील."

"बाई, मी मापात दोन बोटं... म्हटलं, बरं दिसत नाही..."

"अरे मेल्या, लाज तुला वाटली आणि आवळलं मला?"

मामा पाठ फिरवून हसत होता.

दुसरं पोलकं मी सुतळीबरहुकूम कापलं, काखेत तिकोनी तुकडे घातले. बाईंनी दुकानातच ते घालून सगळ्यात वरच्या फळीवरचा रिळांचा डबा काढला. दोन्ही हातांनी. "हा बघ हिमालय," म्हणाल्या. तेव्हा त्या जशा ताठ उभ्या होत्या, तशाच मला अजून डोळ्यांपुढे दिसतात.

इथं संपलं असतं तर बरं होतं. पण श्रावणात बायकांची रीघ लागली आणि सगळ्यांची पोलकी ढगळ होऊ लागली. सुतळी तीच, टेप तोच. मला झोप लागेना. शेवटी बाईंना विचारलं.

"मीच सांगितलं सगळ्यांना," त्या म्हणाल्या. "पोरगा हाताचा चांगला आहे, पण लाजून दोन बोटं कमी कापतो. सुतळी तेवढी वाढवून द्या."

"पण मी आता बरोबर कापतो."

"मग सांग ना त्यांना."

"मी? बायकांना?"

नाही सांगितलं. आळीतल्या बायका ऐसपैस वावरू लागल्या, आणि दत्तूच्या हातात मोकळेपणा आहे असं माझं नाव झालं.

गेल्या साली माझं लग्न ठरलं. मुलगी चिपळूणची, तिनं मला पाहिलंही नव्हतं. तिच्या पोलक्यासाठी सुतळी आली. म्हटलं, हिला तरी काही ठाऊक नसणार. सुतळीबरहुकूम कापलं.

मांडवात पोलकं खांद्यावरून घसरत होतं. दुसऱ्या दिवशी मी हिंमत करून विचारलं, तर ती खाली बघत म्हणाली, "तुमच्या बाईंचा निरोप आला होता. नवरा लाजरा आहे, दोन बोटं वाढवून दे. मी म्हटलं, नवरा आहे म्हणजे जास्तच लाजेल. चार दिली."