ग्रामपंचायतीची शेवटची सरपंच

आमचं गाव महापालिकेत गेलं, तेव्हा माझी आई सरपंच होती. ग्रामपंचायतीच्या जागेवर आता दवाखाना आहे. निघोज्याच्या कंपनीतून शिफ्ट संपवून येताना मी रोज त्याच्यासमोरून जाते.

सरपंचपद महिलांसाठी राखीव झालं म्हणून घरच्यांनी आईला उभं केलं. सुरुवातीला खुर्चीत ती बसायची आणि बोलायचे माझे धाकटे चुलते. ती नुसती सही करायची. मग एका बागायतदाराने नदीवर धुणं न्यायची पायवाट तारेचं कुंपण घालून बंद केली. बायका चुलत्यांकडे न जाता थेट आमच्या ओसरीवर आल्या. पुढच्या ग्रामसभेत चुलते नेहमीसारखे बोलायला उठले, तशी आईही उठली.

"भावजी, आज तुमी बसा. वाटेचं मी सांगती."

चुलते बसले. थोड्याच दिवसांत कुंपण मागे सरकलं. त्यानंतर चुलते तिला चेष्टेने सरपंचबाई म्हणायला लागले. पुढे त्यातली चेष्टा कधी गेली, ते कुणाच्या लक्षातही आलं नाही.

महापालिकेत समावेशाची बातमी आली, तेव्हा शेवटची ग्रामसभा देवळापुढे भरली. तरुणांना घरोघर नळ, रस्ते, गावात बस हवी होती. म्हाताऱ्यांचं म्हणणं, आपलं गाऱ्हाणं ऐकणारं जवळ कुणी उरणार नाही. आई कुणाच्याच बाजूने बोलली नाही. घरी येताना मी विचारलं, तर म्हणाली, दोघांचंही खरं आहे.

दप्तर न्यायला टेम्पो आला, त्या सकाळी ती ठेवणीतलं लुगडं नेसून गेली. जन्ममृत्यूच्या वह्या, ठरावांची पुस्तकं, शिक्का, सगळं तिने यादी वाचून हवाली केलं. पंचायतीच्या म्हाताऱ्या शिपायाला रडू आवरेना. आईने त्याला पाणी दिलं आणि रिकामी खोली स्वतः झाडून घेतली.

पुढच्याच आठवड्यात शेजारच्या तिघी आल्या. आळीतल्या नळाला गढूळ पाणी येत होतं. आता मी कुणीच नाही, असं आईने त्यांना सांगून पाहिलं. तरी त्या बसूनच राहिल्या. शेवटी तिने बाटलीत पाणी भरलं आणि आम्ही हमरस्त्यावरून बस धरून महापालिकेच्या क्षेत्रीय कार्यालयात गेलो. बरंच थांबल्यावर नंबर लागला. कारकुनाने विचारलं, तुम्ही कोण?

मी आईकडे बघितलं.

"गावातलीच हाय," ती म्हणाली. "हे पाणी आमी पितो. तुमी बघा."

तिने बाटली टेबलावर ठेवली. दोन दिवसांनी पाइप दुरुस्त करायला माणसं आली. मग मात्र बायकांचं येणं थांबलं नाही, आणि आईचं त्या कार्यालयात जाणंही.

आता तक्रार मोबाइलवर करता येते. तरी आमच्या आळीतल्या बायका आईकडेच येतात. ती सांगते, मी टाइप करते. पाठवायच्या आधी ती चष्मा लावून सगळं एकदा वाचून घेते.