भातातलं रॉकेल

वकीलसाहेबांचं ताट परत आलं. भाताला बोट लागलेलं नाही, आमटीवर तेल गोठलेलं. सलग तिसरं ताट.

आचारी माणूस जेवणाऱ्याचं तोंड बघत नाही, ताट बघतो. तोंडानं लोक वा वा म्हणतात. मी तेव्हा चाळिशीचा, वीस वर्षं लग्नांत आणि सहलींत तपेली उपसलेला. तरी तीन ताटं परत आली आणि मी गप्प बसलो. का, ते पुढं सांगतो. त्यात माझी काही शोभा नाही.

जागा म्हणजे नेपाळ. लांगटांगचं खोरं आणि त्यातलं सगळ्यात वरचं गाव. रत्नागिरीच्या स्टँडवरून निघून तिथं पोचायला नऊ दिवस लागले, त्यातले शेवटचे चार पायी. साल शहाऐंशी-सत्त्याऐंशी असेल. मला सालं लक्षात राहत नाहीत, पंगती राहतात.

आमचे मालक अण्णा सहली काढायचे. काशी-गया, रामेश्वर, द्वारका. पद्धत ठरलेली. गाडी आपली, आचारी आपला, तांदूळ आपला. रत्नागिरीचा माणूस विश्वनाथाला नमस्कार करतो, पण संध्याकाळी त्याला आमटी-भात घरचाच लागतो. त्या पद्धतीवर अण्णांचा धंदा उभा होता आणि अण्णांच्या धंद्यावर मी. मग अण्णांना कोणीतरी बर्फाचे फोटो दाखवले. महिन्याभरात पत्रकं छापून आली. वर डोंगर, खाली ठळक अक्षरात: हिमालयात घरचं जेवण.

आता तो जो ट्रेक होता, त्याला तिकडे टी-हाऊस ट्रेक म्हणतात. म्हणजे वाटेत लोकांची घरं असतात. त्यांच्याकडेच खायचं, त्यांच्याकडेच झोपायचं. तंबू नको, आचारी नको, तांदूळ तर नकोच. सगळी खटपट वाचावी म्हणून ती पद्धत निघाली. काठमांडूच्या माणसानं हे पत्रात लिहूनही कळवलं होतं. अण्णांनी पत्र वाचलं आणि म्हणाले, "त्यांना आपल्या लोकांची कल्पना नाही."

तेव्हा अकरा सहलकरी, अण्णा, मी, एक गाईड आणि हमाल. हमालांच्या पाठीवर माझे दोन रॉकेलचे स्टोव्ह, रॉकेलचा डबा, तपेली, झारे आणि दोन पोती उकडा तांदूळ. उकडा म्हणजे भात आधी उकडायचा, वाळवायचा आणि मग कांडायचा. दाणा जाड, तांबूस. खालीसुद्धा तो शिजायला वेळ घेतो. जगात जेवढे तांदूळ आहेत त्यातला सगळ्यात चिवट निवडून आम्ही हिमालयात चढवला.

पहिल्या मुक्कामाला त्या घरातली बाई, तिला सगळे दीदी म्हणायचे, माझी तपेली बघत उभी राहिली. "क्या है? शादी है?"

दुसऱ्या मुक्कामापासून भात बिघडला. आधण खळाखळा उकळतंय, तांदूळ वैरून तास झाला, शीत चेपून बघतोय तर मध्ये कणी. अजून पाणी, अजून रॉकेल, तरी कणी. अण्णा चुलीपाशी आले.

"गोविंदा, पाणी उकळतंय ना?"

"उकळतंय की."

"मग शिजत कसा नाही?"

"त्येच इचारतोय मी त्याला."

आमचा गाईड पासांग बाजूला बसून हसत होता. तिशीचा, बारका, कमी बोलणारा. म्हणाला, "ऊपर पानी झूठा उबलता है." खरंच आहे ते. उंचावर पाणी लवकर उकळतं, पण तेवढं तापत नाही. नुसता देखावा. तिथं कुकर लागतो, आणि कुकर त्या प्रत्येक दीदीच्या घरात होता. माझ्याकडे नव्हता. मी पाचशे पानांचा आचारी, कुकरात भात बायका लावतात असं मानणारा.

पंगतीत बोलणी बसली. वकीलसाहेब सगळ्यात पुढं. पन्नाशीचे, कोर्टात नाव असलेले, पावसला आंब्याची बाग. दाताखाली शीत दाबून म्हणाले, "गोविंदा, हा भात आहे का छर्रे?" सगळे हसले. तिसऱ्या दिवशी मी मान खाली घालून दीदीकडे कुकर मागितला. चार वेळा लावून सगळ्यांचा भात केला. मऊ झाला. लोक बोटं चाटून जेवले. फक्त वकीलसाहेबांचं ताट परत आलं, त्या जेवणाला आणि पुढच्या दोन्ही जेवणांना. मला वाटलं, साहेबांचा राग अजून उतरला नाही. म्हणून गप्प बसलो. माणूस आजारी आहे हे ताट मला तीनदा सांगत होतं आणि मी माझा मान बघत होतो.

त्यात अण्णांनी एक मुक्काम गाळला. पासांग म्हणत होता, मधल्या गावात राहा, एक दिवस नुसते बसा, शरीराला उंचीची सवय होऊ द्या. अण्णांनी पत्रक काढून दाखवलं. "कार्यक्रम छापलाय." हिमालयाला रत्नागिरीच्या छापखान्याचा धाक असेल असं त्यांना वाटलं असावं.

वरच्या गावात सकाळी उठलो तर वकीलसाहेब भिंतीला टेकून बसलेले. ओठ काळेनिळे. श्वास घेताना छातीत बुडबुडे फुटल्यासारखा आवाज, तो मला चुलीपर्यंत ऐकू येत होता. सहलकऱ्यांनी तपासणी केली. निदान एकमतानं ठरलं: पित्त. आमच्याकडे डोकं दुखलं पित्त, चक्कर आली पित्त, माणूस मेला तरी पहिले दोन दिवस पित्तच असतं. एकानं कोकमाचं आगळ काढलं, दुसऱ्यानं सुंठ. अण्णा माझ्याकडे बघून म्हणाले, "दोन दिवस कच्चा भात खाल्लाय त्यांनी. तुझी कृपा."

पासांगनं साहेबांच्या पाठीला कान लावला. उठून म्हणाला, "छाती में पानी. नीचे. अभी."

"आज आराम करू दे," अण्णा म्हणाले. "उद्या बरं वाटेल."

"कल नहीं रहेगा, साब."

अण्णा मला बाजूला घेऊन गेले. "गाईड एकच आहे. तो ह्यांना घेऊन खाली गेला तर उद्या हिमनदी कोण दाखवणार? दहा जण काय बोलतील? त्याला घरी जायची घाई झालीय, दुसरं काही नाही."

आणि वकीलसाहेब स्वतः? दोन शब्द बोलायचे, दम घ्यायचे, मग पुढचे दोन. "मी... उतरणार नाही. बार रूममध्ये... सांगून... आलोय." दोन-दोन शब्दांना दम लागणारा माणूस कोर्टातल्या बार रूमची अब्रू सांभाळत होता.

मला शाळा चौथीपर्यंत. छातीत पाणी कसं होतं ते मला ठाऊक नव्हतं. पण पासांगच्या तोंडाकडे मी बघितलं आणि मला कळलं की असा माणूस मेलेला त्यानं आधी बघितलाय.

वकीलसाहेबांच्या बायको, वहिनी, नवऱ्याचा हात धरून बसलेल्या. त्यांनी मला हाक मारली. "गोविंदा, खरं सांग. भातानं झालंय का हे?"

सगळे माझ्याकडे वळले. मी विचार केला. नाही म्हटलं तर भांडण पासांग आणि अण्णांचं, त्यात अण्णा जिंकणार. होय म्हटलं तर पित्त, म्हणजे आराम, म्हणजे उद्या. दोन्हीकडून साहेब जाणार. मग मी माझ्या हातानं माझ्या चुलीत पाणी ओतलं.

"भातानंच झालंय, वहिनी. कच्चा होता म्हणून नाय. काल सकाळी रॉकेलचा डबा तांदळाच्या पोत्यावर सांडला व्हता. मी तो धुवून घेतला आणि तसाच शिजवला. कोणास बोललो नाय."

रॉकेल नव्हतं हे वहिनींना कळणं भाग होतं. आदल्या दिवशीचं भरलेलं ताट त्यांनीच तर माझ्या हातात परत दिलं होतं. ज्यानं काल दिवसभर भात खाल्लाच नाही त्याला तो बाधणार कसा? त्यांनी माझ्याकडे टक लावून बघितलं. मला वाटलं, आता संपलं. मग त्या नवऱ्याकडे वळून म्हणाल्या, "मलाही काल वास आला होता हो. मीच बोलले नाही."

वकीलसाहेबांच्या डोळ्यांत जान आली. "हा... गुन्हा आहे! विषबाधा! मला... खाली न्या. ह्याच्यावर... केस टाकतो!"

जीव वाचवायला न उतरणारा माणूस केस टाकायला उतरला. वकिली म्हणतात ती हीच.

बाकीच्यांचं तर विचारू नका. कालपर्यंत बोटं चाटणाऱ्यांना आता ढेकरेतून रॉकेल यायला लागलं. दोघांनी ओकून दाखवलं. हिमनदी कोणाला आठवली नाही. दहाच्या दहा पोट धरून खाली निघाले, पुढं हमालाच्या पाठीवरच्या टोपलीत उलट्या तोंडानं बसलेले वकीलसाहेब. टोपली कपाळाच्या पट्ट्यावर पेलत तो हमाल एकदाही न घसरता उतरत होता. पासांग सोबत. माझ्याजवळून जाताना त्यानं नुसता खांद्यावर हात ठेवला. त्याला मराठी येत नव्हतं, पण रॉकेलच्या डब्याचं बूच घट्ट बसलेलं त्यानं रोज बघितलं होतं.

उन्हं कलताना खालच्या जंगलातल्या मुक्कामाला आलो तेव्हा साहेबांचे ओठ माणसासारखे दिसायला लागले. ते सलग वाक्यं बोलायला लागले. वाक्यं सगळी माझ्यावरच होती. इतक्या शिव्या खाऊन इतकं बरं वाटलेला दुसरा आचारी मी बघितला नाही.

गाडीरस्त्याला लागल्यावर सरकारी दवाखाना होता. तिथल्या डॉक्टरनं तपासलं, कागद लिहून साहेबांच्या हातात दिला आणि बाहेर येऊन अण्णांना सांगितलं. उंचीनं झालं, फुप्फुसात पाणी भरलं, अजून एक दिवस वर राहिले असते तर प्रेत उतरवावं लागलं असतं.

अण्णा माझ्यापाशी आले. "मग रॉकेल?"

"नव्हतंच."

अण्णा दगडावर बसले. मला वाटलं, आता दोन शब्द चांगले बोलतील. तर म्हणाले, "गोविंदा, हे बघ. उंचीनं झालं म्हणून गावात कळलं तर पुढच्या वर्षी कोण येईल? हिमालय मला बदलता येत नाही. आचारी बदलता येतो."

म्हणजे रॉकेल तसंच राहिलं. साहेबांनी केस टाकली नाही. डॉक्टरचा कागद त्यांच्याच खिशात होता आणि त्यांना वाचता येत होतं. पण बार रूममध्ये सांगितलं की आचाऱ्यानं घात केला, नाहीतर मी शिखर गाठणार होतो. उंची अंगाला बाधली म्हणण्यापेक्षा गोविंदाचं रॉकेल बाधलं म्हणणं माणसाला शोभून दिसतं. पुढच्या वर्षी अण्णांची सहल गेली. पत्रकावर नवीन ओळ होती: आचारी बदलला आहे.

मी घरी आलो तेव्हा बातमी माझ्या आधी पोचलेली. उरलेला तांदूळ मी परत आणला होता. बायकोनं पोतं सोडलं, मूठभर हातात घेऊन नाकाशी धरला. मग माझ्याकडे बघितलं.

"ह्यात रॉकेल कुठाय?"

मी काय ते सांगितलं.

"त्या वकिलानं तो भात खाल्लान् तरी व्हता काय?"

"नाय."

"आणि तुमी सगळ्यांम्होरं स्वतःचा नाव घालवलाव."

"माणूस मरत व्हता."

ती उठली आणि त्याच तांदळाचा भात लावला. शेजारच्या चार बायकांना बोलावलं, त्यांच्यासमोर पहिला घास आपण घेतला. बायका म्हणाल्या, चांगला आहे गं. घरी जाऊन म्हणाल्या, नवऱ्याला झाकतेय बिचारी.

दोन वर्षं मला लग्नाचं काम आलं नाही. पालीच्या बाजारातसुद्धा लोक रॉकेलवाला म्हणून ओळखायचे. मग साखरप्यापलीकडे, जिथं कोणी ओळखत नव्हतं, तिथं कामं धरली. दर मे महिन्यात पावसहून आंब्याची एक पेटी यायची, वर नाव नाही. वहिनी पाठवायच्या, साहेबांच्या नकळत. बायको ती पेटी शेजारीपाजारी वाटून टाकायची आणि वर सांगायची, "घ्या, रॉकेल घालून वाढवलेले हायत." एक आंबा मात्र मला कापून द्यायची. स्वतः कधी खाल्ला नाही.

गेल्या मार्गशीर्षात ती गेली. पाचशे पानांचा भात मी डोळे मिटून करतो. एका माणसाचा अजून जमत नाही, रोज जास्त होतो. साहेब तर दहा वर्षांपूर्वीच गेले, बिछान्यात, खरोखरच्या म्हातारपणानं.

वहिनी भेटायला आल्या होत्या. काठी टेकत ओटीवर बसल्या आणि म्हणाल्या, "गोविंदा, आता मी सगळ्यांना खरं सांगू का? मला आता अडवणारं कोणी नाही."

मी म्हटलं, "आता कोणास सांगताव, वहिनी? एकटी व्हती जी माझ्यासाठी भांडायची. तिला पयल्या दिवसापासून ठाव व्हतं."

तरी वाचणारा एखादा नवीन आचारी असेल तर त्याच्यासाठी धडा लिहून ठेवतो. कोणाचा जीव वाचवायला खोटं बोलायची वेळ आली तर खुशाल बोल. पण दुसऱ्याच्या धंद्यातलं बोल.