उद्यापन नसलेलं व्रत

हितेंद्र परबला आमच्या लालबागच्या चाळीत सगळे लेखक म्हणतात. मी म्हणत नाही. पुराणातल्या चार ओळींच्या गोष्टीत पाणी घालून तिचे टीव्हीवर चारशे भाग करणाऱ्याला जे म्हणतात, ते इथे लिहिता येत नाही.

राक्षसाचा वध तो तीन-तीन महिने लांबवतो. ऋषी बोलायला लागले की थांबत नाहीत, कारण ऋषींना सेट लागत नाही, एका झाडाखाली भागतं. या कर्तबगारीवर त्यानं शिवाजी पार्कात फ्लॅट घेतला. आई, अंबिकाकाकू, मात्र इथेच, माझ्या शेजारच्या खोलीत. तिला चाळ सोडवत नाही, असं तो सांगतो. तिला कुणी विचारलेलं मी तरी ऐकलं नाही.

गेल्या वर्षी त्याच्या मालिकेत देवीचं काम करणारी नटी आजारी पडली. भाग तर भरायचे होते. मग हितेंद्रनं एका राणीला व्रताला बसवलं. दर मंगळवारी सूर्य मावळेपर्यंत पाण्याचा थेंबही नाही. हे कुठल्याही पोथीत नाही, त्याच्याच डोक्यातून निघालं. वर, व्रत अर्धवट सोडणाऱ्या दासीचे डोळे गेले. मालिका धो धो चालली आणि परळपासून गिरगावपर्यंत बायका मंगळवारी कोरड्या राहू लागल्या. त्यात पहिली अंबिकाकाकू, लेकाच्या भरभराटीसाठी. तिला मधुमेह आहे.

या शहाण्यानं उद्यापन तेवढं लिहिलं नव्हतं. सांगता कशी करायची, कुणाला जेवू घालायचं, ओटी कुणाची भरायची, काहीच नाही. आणि उद्यापन केल्याशिवाय व्रत सोडायचं नसतं, हे आमच्याकडे शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं.

मी त्याला दादरला गाठलं. "अरे, म्हातारी जाईल. एक सीन लिही आणि मोकळं कर तिला."

"लिहिलाय रे. चॅनेल म्हणतं, दिवाळीच्या वीकला टाकू. तोपर्यंत बाहेर कुठे बोलायचं नाही. रेटिंग टॉपला आहे ना."

"आणि तू काय म्हणालास?"

"ओके म्हटलं."

मला त्याच्या तोंडाकडे बघवेना. दुसरा कुणी असता तर त्याला लाज वाटली असती.

श्रावणातल्या एका मंगळवारी काकू मोरीत कोसळली. मीच तिला इस्पितळात नेलं. पुन्हा असं झालं तर आम्ही काही करू शकणार नाही, असं डॉक्टरांनी बजावलं. हितेंद्र धावत आला. तो खरोखर घाबरला होता, आणि त्या भीतीतच त्याचं तोंड उघडलं.

"आई, ते व्रत खोटं आहे. मी बनवलंय."

काकूनं त्याच्याकडे पाहिलं. ती रागावली नाही, उलट तिला हायसं वाटलं.

"तू काढलंस? मगे बरां झाला. उद्यापन कसा करूचा, ता तूच सांग. आताच करून टाकतंय."

एक नारळ फोड म्हणाला असता, तरी ती सुटली असती. हितेंद्रनं खिशातून फोन काढला.

"थांब जरा," तो म्हणाला. "चॅनेलला विचारून सांगतो."