उलटं शिवलेलं पान

आमच्या चर्चच्या पाळकसाहेबांना एका जागी बसून जेवता येत नसे. दोन घास घेतले की उठायचे, कपाटातलं ग्रीक पुस्तक काढून उभ्याउभ्याच एखादी ओळ बघायचे आणि स्वतःलाच विचारायचे, "हे कधीपासून?" नाताळची तारीख कधीपासून, क्रुसाची खूण कधीपासून. शेवगावकडची आमची मंडळी त्यांना माघारी 'कधीपासूनसाहेब' म्हणत. मंडळीचा एक पंच तर तोंडावर म्हणाला होता, "साहेब, वर गेल्यावर देवाला बी इचाराल, तू कवापास्नं हायेस?"

साहेब म्हणाले, "विचारीन. तो रागावणार नाही, तुम्हीच रागावता."

मी खानदेशातली, पाचवीत शाळा सुटलेली. मिशनच्या दवाखान्यात पट्ट्या धुवायला लागले होते. इथून आपल्याला कधी काढतील ही धास्ती कायम. एकदा बाटलीवरच्या चिठ्ठीवर माझं अक्षर बघून साहेबांनी मला प्रवचनं उतरवायचं काम दिलं. शब्द अडला की हातातलं टाकून समजावत. सुटलेली शाळा मला त्यांच्या टेबलापाशी परत मिळाली.

महायुद्धामुळे कागद मिळत नव्हता. म्हणून एका बाजूला प्रवचन, आणि पाठच्या कोऱ्या बाजूला त्यांच्या शोधाची टिपणं. पानं मी दोऱ्यानं शिवून द्यायची. एका शनिवारी घाईत एक पान उलटं शिवलं गेलं.

रविवारी मंडळीनं उभं राहून मतांगीकार, म्हणजे आपल्या विश्वासाची कबुली, म्हटला. 'मी विश्वास धरतो' पासून 'आमेन'पर्यंत. तो येशूच्या प्रेषितांनीच रचला, अशी सगळ्यांची समजूत. साहेब प्रवचनाला उभे राहिले. तिसऱ्या पानावर जरा थांबले, मग वाचू लागले, "हा मतांगीकार प्रेषितांचा नाही. त्यांच्यामागून कित्येक पिढ्यांनी तो असा झाला. मग प्रेषित रविवारी काय म्हणत असतील?"

ते टिपणांचं पान होतं, मीच उलटं शिवलेलं. मागच्या रांगेतून म्हातारे सत्वाबाबा उठले. त्यांचा बाप हाच मतांगीकार म्हणत वारला होता.

"मंग आमी म्हनायचा का न्हाई, साहेब?"

"म्हणायचा, बाबा. तो मुळात प्रश्नच होता. बाप्तिस्म्याच्या वेळी माणसाला विचारायचे, विश्वास धरतोस का? त्या उत्तरांतून हा जुळत गेला."

"आसं व्हय," म्हणून बाबा खाली बसले.

पंच मात्र बसले नाहीत. त्याच आठवड्यात मिशनच्या वरिष्ठांकडे तक्रारीचा कागद गेला, आणि साहेबांचं प्रवचन बंद करून त्यांना लांबच्या एका शाळेवर धाडायचं ठरलं. चूक माझी होती. सांगितलं तर माझी नोकरी जाईल, म्हणून मी गप्प राहिले.

ते निघाले त्या दिवशी मोटारीच्या थांब्यावर मात्र तोंडातून गेलंच. "साहेब, ते पान मी उलटं शिवलं होतं."

"माहीत आहे. पहिल्याच शब्दाला कळलं."

"मग थांबला का नाहीत?"

"इतकी वर्षं मनातल्या मनात वाचत होतो," ते म्हणाले. "एकदा मोठ्यानं वाचून बघितलं."

मोटारीत जागा होती, तरी ते दांडी धरून उभेच होते.

मी अजून घरापासून लांबच आहे. रविवारी सगळ्यांबरोबर उभी राहते. 'मी विश्वास धरते' म्हणायच्या आधी साहेबांचा आवाज येतो, विश्वास धरतेस का? आणि मंडळी पुढं जाते, मला दर वेळी एक श्वास उशीर होतो.